ग्रो लाइट लावूनही दर पावसाळ्यात झाडं काटकुळी होतात? एलईडीची मात्रा अशी ठरवा

ऑक्टोबरपासून मेपर्यंत खिडकीतलं सिंगोनियम, मनीप्लांट, फिलोडेंड्रॉन भरगच्च असतं. जून लागला की नवी पानं लहान येतात, दोन पानांमधलं पेर लांबत जातं आणि अख्खं झाड काचेकडे कलतं. रंगीत पानांच्या जातींमधल्या पांढऱ्या-पिवळ्या छटा पुसट होतात. खालची पानं एकेक करत पिवळी पडून गळतात. कुंडीतली माती आठ-आठ दिवस ओली राहते आणि तिच्यावर बारीक काळी चिलटं फिरू लागतात. मग कुणीतरी सुचवतं म्हणून घरात एक एलईडी ग्रो लाइट, म्हणजे झाडांच्या वाढीसाठीचा दिवा, येतो. तो रोज लावला जातो, तरी झाड तसंच राहतं, आणि पुढच्या जूनमध्ये हाच प्रकार पुन्हा सुरू होतो.

अशा घरांत दिवा असतो, पण पानावर पडणारा प्रकाश झाडाच्या गरजेपेक्षा फार कमी असतो. दिवा विकत घेताना आपण वॅट बघतो. झाडाच्या दृष्टीने महत्त्वाच्या गोष्टी दोनच: पानावर प्रकाश किती पडतो आणि तो दिवसातून किती तास पडतो. या दोन आकड्यांचा गुणाकार जमला की बाकीचं बरंचसं आपोआप सुधारतं.

"माझ्या हाताला झाडं लागतच नाहीत" असं म्हणत किती माणसं कुंड्या रिकाम्या करून गॅलरीच्या कोपऱ्यात उपड्या घालतात. ते पाहून मला खरंच वाईट वाटतं, कारण त्यातल्या बहुतेकांच्या हाताचा काही दोष नसतो. कमी पडतो तो प्रकाश, आणि तो फोनवर मोजता येतो.

आधी निदान पक्कं करा

पिवळी पानं अनेक कारणांनी येतात, म्हणून दिव्यावर खर्च करण्याआधी दोन मिनिटं झाडाकडे नीट बघा. नत्र कमी पडलं तरी खालची पानं पिवळी पडतात, पण तेव्हा पेर लांबत नाही आणि झाड एका बाजूला कलत नाही. पानांवर बारीक फिके ठिपके आणि मागच्या बाजूला जाळं दिसलं तर ती लाल कोळी आहे, तिथे दिव्याचा उपयोग नाही. पाणी कमी पडलेलं झाड मलूल होतं आणि माती कुंडीच्या कडेपासून सुटलेली असते. पेर लांब, पान लहान, खोड खिडकीकडे वाकलेलं आणि माती ओली, या चारही गोष्टी एकत्र दिसल्या तर प्रकाश कमी पडतोय हे नक्की समजा.

जूनमध्येच का?

"ढग येतात म्हणून" हे उत्तर अर्धंच आहे. घरातल्या झाडांविषयीचा बराचसा सल्ला युरोप-अमेरिकेतून आलेला असतो आणि त्यात दक्षिणेची खिडकी सर्वांत उजेडाची असं सांगितलेलं असतं. तिथे ते बरोबर आहे. कर्कवृत्ताच्या उत्तरेला सूर्य बारा महिने भरदुपारी दक्षिणेलाच असतो. आपल्याकडे मात्र शून्य सावलीचे, म्हणजे भरदुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येण्याचे, दोन दिवस येतात: मुंबईत साधारण १५ मे आणि २७-२८ जुलै, पुण्यात १३-१४ मे आणि ३० जुलैच्या आसपास. या दोन दिवसांच्या मधल्या काळात दुपारचा सूर्य डोक्याच्या किंचित उत्तरेला असतो. म्हणजे दक्षिणेच्या खिडकीत तेव्हा थेट ऊन येतच नाही. तिच्यावर छज्जा असेल तर एप्रिलमध्येच ते आटायला लागलेलं असतं. डिसेंबरमध्ये हाच सूर्य पुण्यात दुपारी क्षितिजापासून जेमतेम ४८ अंशांवर असतो आणि त्याच खिडकीतून ऊन खोलीत पार आतपर्यंत येतं.

तेव्हा जूनमध्ये दोन गोष्टी एकदम घडतात. थेट ऊन आधीच गेलेलं असतं आणि वर ढग येतात. बाहेर स्वच्छ दुपारी लाखाच्या वर जाणारा लक्सचा (एखाद्या जागेवर पडणाऱ्या उजेडाच्या मापाचा) आकडा काळ्या ढगांखाली पाच-दहा हजारांवर उतरतो. त्यात ग्रिलला लावलेला प्लास्टिकचा कागद, डासांची जाळी, काळपट काच आणि समोरची इमारत यांनी प्रकाश आणखी अडतो. झाड मात्र मे महिन्यात होतं त्याच जागी असतं.

तुमची झाडं दर वर्षी याच काळात बिघडत असतील तर त्यांना जून ते सप्टेंबर पुरतीच दिव्याची खरी गरज असू शकते. हे कळलं की दिवाही लहान पुरतो आणि विजेचं बिलही आवरतं.

डोळ्यांनी अंदाज घेऊ नका

प्रकाश कमी झाला की आपली बाहुली मोठी होते आणि मेंदू जुळवून घेतो. त्यामुळे २०० लक्सची खोलीही आपल्याला लख्ख वाटते. तिथे पेपर आरामात वाचता येतो, पण मनीप्लांटची उपासमार चालू असते.

फोनमध्ये लक्स मीटरचं कुठलंही फुकट ॲप घ्या. अँड्रॉइड फोनचा प्रकाश-सेन्सर बहुधा पुढच्या बाजूला, कानाला लावतो त्या भागाजवळ असतो. फोन पानाच्या जागी, पानाच्याच उंचीवर धरा आणि स्क्रीन दिव्याकडे किंवा खिडकीकडे करा. स्वतःची सावली पडू देऊ नका. आकडा वीस-तीस टक्के इकडेतिकडे असेल, त्याने बिघडत नाही, कारण आपण इथे दसपटीचे फरक शोधतोय. झाडं बरीच असतील तर साधा लक्स मीटर विकत घेणं मला तरी ग्रो लाइट घेण्यापेक्षा आधीचं काम वाटतं.

खिडकीचा उजेड सकाळी नऊ, दुपारी बारा आणि चारला मोजा, शक्यतो एका ढगाळ दिवशी. दिव्याचा प्रकाश रात्री, बाकीचे दिवे बंद करून मोजा. तोही तीन ठिकाणी: शेंड्यापाशी, कडेच्या कुंडीपाशी आणि खालच्या पानाजवळ. या तीन आकड्यांमधला फरक बघून बरेच जण थक्क होतात.

लक्स-तासांचं सोपं गणित

वनस्पतिशास्त्रात झाडाला दिवसभरात मिळणारा प्रकाश मोलमध्ये मोजतात: एका चौरस मीटरवर दिवसात प्रकाशसंश्लेषणाच्या कामाचे, म्हणजे ४०० ते ७०० नॅनोमीटर लांबीच्या लहरींचे, किती फोटॉन (प्रकाशाचे कण) पडले. लक्स हे माणसाच्या डोळ्यासाठी बनलेलं माप आहे, त्यामुळे शास्त्रीय कामात ते चालत नाही. घरच्या कामात मात्र पांढऱ्या एलईडीसाठी ते छान चालतं, कारण रूपांतर ठरलेलं आहे. पांढऱ्या एलईडीचे साधारण २०,००० लक्स-तास म्हणजे १ मोल. खिडकीच्या उजेडाला हाच आकडा १५,००० धरा.

लक्सला तासांनी गुणा आणि २०,००० ने भागा. एवढंच.

खिडकीपासून दोन मीटर आत, २०० लक्स, अकरा तास: २,२०० लक्स-तास. उजेड दिवसाचा आहे म्हणून १५,००० ने भागलं तर ०.१५ मोल. या प्रकाशात कुठलंही झाड वाढत नाही. साठवलेल्या अन्नावर काही महिने तग धरतं आणि मग एक दिवस "अचानक" मरतं. खिडकीच्या कट्ट्यावर पावसाळ्यात १,५०० लक्स दहा तास मिळाले तर १ मोल होतो, म्हणजे स्नेक प्लांट कसाबसा जगण्याइतका.

गरजा साधारण अशा. स्नेक प्लांट, झीझी, हिरवा मनीप्लांट यांना जगायला १ ते २ मोल पुरतात आणि बरी वाढ हवी तर ३-४. सिंगोनियम, फिलोडेंड्रॉन, पीस लिली, रंगीत ॲग्लोनेमा ४ ते ६ मध्ये खूश असतात. फॅलेनॉप्सिस ऑर्किड आणि आफ्रिकन व्हायोलेटला फुलांसाठी ५ ते ८ लागतात. जेड आणि बाकीची सक्युलंट १० च्या पुढे, तुळस १२ च्या पुढे. मेथी-कोथिंबीर कोवळी कापायची असेल तर ८ ते १० मध्ये भागतं. मिरची-टोमॅटोला फळं धरायला २० आणि वर लागतात. फ्लॅटच्या आतल्या खोलीत दिव्याखाली टोमॅटो काढण्याचा नाद मी कुणाला लावणार नाही. तेवढा प्रकाश देता येतो, पण त्या खर्चात वर्षभराचे टोमॅटो मंडईतून आणून होतील.

आता तुमच्या जागेचा ढगाळ दिवसातला आकडा या गरजेतून वजा करा. जेवढे मोल उरतील तेवढेच दिव्याने भरायचे आहेत.

वॅट, लुमेन आणि अंतर

२०१५ साली सुरू झालेल्या उजाला योजनेमुळे घरोघर पोचलेला ९ वॅटचा साधा पांढरा बल्ब घेऊ. त्याच्यातून साधारण ९०० लुमेन निघतात. लुमेन म्हणजे दिव्यातून निघणाऱ्या एकूण उजेडाचं माप. पानापासून एक मीटरवर टांगला तर पानावर जवळपास ३०० लक्स पडतात. बारा तासांचे ३,६०० लक्स-तास, म्हणजे ०.२ मोलसुद्धा नाही. तोच बल्ब ३० सेंटिमीटरवर आणला की ३,००० लक्स होतात आणि बारा तासांत १.८ मोल. बल्ब तोच, वीज तेवढीच, प्रकाश दसपट. अंतर दुप्पट केलं की प्रकाश चौथाई होतो, या नियमाची ही किमया आहे. दिवा कमी पडतोय अशी शंका आली की नवा घेण्याआधी असलेला खाली आणून बघा.

हा बल्ब पुरतो मात्र एकाच कुंडीला. ३० सेंटिमीटर उंचीवर असताना फूटभर बाजूच्या कुंडीवर मधल्याच्या साधारण चौथाई प्रकाश पडतो. एका बल्बखाली पाच कुंड्या गोलाकार मांडल्या की मधली तरारते आणि चार काटकुळ्या राहतात, तेव्हा लोक दोष जातीला देतात.

फळीवर रांगेने कुंड्या असतील तर बल्बपेक्षा चार फुटी एलईडी बॅटन, म्हणजे ट्यूबसारखी लांब दिव्याची पट्टी, कधीही चांगली. २० वॅटच्या बॅटनमधून २,००० लुमेन निघतात आणि ते लांबीभर सारखे पसरतात. ३० सेंटिमीटर खाली तिचे साधारण २,५०० लक्स मिळतात. दोन बॅटन शेजारी लावल्या तर ५,०००. बारा तासांचे ३ मोल, चौदा तासांचे साडेतीन. खिडकीतून मोलभर येत असेल तर सिंगोनियम-फिलोडेंड्रॉनची फळी यात पावसाळा मजेत काढते. फळीच्या मागे आणि दोन्ही बाजूंना पांढरा सनबोर्ड लावला की बाहेर वाया जाणारा प्रकाश परत पानांवर येतो. सगळ्यांत स्वस्त सुधारणा हीच आहे आणि ती सहसा कुणी करत नाही.

दुसऱ्या बाजूनेही हिशोब करता येतो. लक्स म्हणजे एका चौरस मीटरवर पडलेले लुमेन. चार फूट बाय एक फूट फळी साधारण ०.३६ चौरस मीटर. तिच्यावर ५,००० लक्स हवेत तर १,८०० लुमेन पानांवर पोचायला हवेत. निम्मे इकडेतिकडे जातात असं धरा, म्हणजे ३,६०० लुमेनचा दिवा. लुमेनचा आकडा खोक्यावर छापलेला असतो. तो छापलेला नसेल तर ती वस्तू घेऊ नका.

ऑनलाइन मिळणाऱ्या ग्रो लाइटच्या बाबतीत हे फार जपायला हवं. मोठ्या अक्षरांत १००० वॅट आणि तळाशी बारीक अक्षरांत प्रत्यक्ष वापर १०० वॅटच्या आसपास, असं सर्रास दिसतं. खरे १००० वॅट म्हणजे कपड्यांच्या इस्त्रीएवढी वीज. हातात मावणारा, क्लिपने टेबलाला अडकवायचा दिवा तेवढी वीज खातच नाही. यूएसबीवर चालणाऱ्या लांब मानेच्या क्लिप लाइटमध्ये खरे वॅट मोजकेच असतात. एका छोट्या कुंडीपाशी, पंधरा सेंटिमीटरवर ते ठीक. अख्ख्या फळीसाठी मुळीच नाही.

विजेचा खर्च बघायचा तर दोन बॅटनचे ४० वॅट, चौदा तास: दिवसाला ०.५६ युनिट, महिन्याला सुमारे १७. युनिटला १० रुपये धरले तर १७० रुपये. चार महिन्यांचे सातशेच्या आत.

जांभळा दिवा की पांढरा?

पांढरा घ्या. क्लोरोफिल निळा आणि लाल प्रकाश जास्त शोषतं हे खरं आहे, आणि निळ्या-लाल चिपांचे जांभळे दिवे त्यावरूनच आले. पण हिरवा प्रकाश झाडाच्या कामाचा नाही हे खरं नाही. संशोधक कीथ मॅक्री यांनी १९७०च्या दशकाच्या सुरुवातीलाच पिकांची पानं वेगवेगळ्या रंगांच्या प्रकाशात तपासून दाखवलं की हिरव्या प्रकाशातही प्रकाशसंश्लेषण चांगलं चालतं. हिरवा प्रकाश पानांच्या दाटीत खोलवर पोचतो, त्यामुळे खालच्या पानांनाही त्याचा लाभ होतो. आणि पांढऱ्या एलईडीच्या पोटात निळी चिपच असते. तिच्यावरचा फॉस्फरचा थर त्या निळ्यातला काही भाग पिवळ्या-लालकडे वळवतो. २०१४ चं भौतिकशास्त्राचं नोबेल मिळालं ते याच निळ्या एलईडीच्या शोधासाठी.

व्यवहारातली अडचण याहून मोठी आहे. जांभळ्या उजेडात पान पिवळं पडलंय की नाही हेच दिसत नाही. रोग कळेपर्यंत उशीर होतो. लक्स मीटरही त्या प्रकाशात साफ चुकतो, त्यामुळे वरचं सगळं गणित कोलमडतं. वॉर्म व्हाइट, नॅचरल व्हाइट, कूल डे लाइट यांतला कुठलाही चालेल. मी ४००० केल्विनचा (केल्विन हे उजेडाच्या रंगछटेचं माप) निवडते, कारण तो झाडाला पुरतो आणि संध्याकाळी घरात डोळ्यांनाही बरा वाटतो.

सगळं केलं, तरी पुन्हा बिघडलं

दिवा बरोबर निवडूनही दोन-तीन महिन्यांत जुनी लक्षणं परत आली तर बहुधा पुढच्यापैकी काहीतरी घडलेलं असतं.

टायमर. साध्या फिरत्या चकतीच्या टायमरची चकती वीज गेली की थांबते. पुण्यात गुरुवारी देखभालीसाठी वीज बंद राहिली, पावसात फीडर गेला, की तो तितके तास मागे पडतो. महिन्याभरात दिवा रात्री दहाला लागून सकाळी जातोय हे कुणाच्या लक्षातही येत नाही. बॅटरीचा आधार असलेला डिजिटल टायमर घ्या. चकतीचाच असेल तर वीज जाऊन परत आल्यावर वेळ जुळवायची सवय लावा.

"आठवणीने लावते" या भरवशावर दिवा चालवू नका. बारा तास लागायला हवा तो सात-आठ तासच लागतो.

तास वाढवून कमी प्रकाशाची भरपाई करण्यालाही मर्यादा आहे. बारा ते चौदा तास उत्तम, सोळापर्यंत चालेल, त्यापुढे जाऊ नका. झाडांना अंधार लागतो. टोमॅटोला तर सतत चोवीस तास प्रकाश दिला की पानं पिवळी पडून खराब होतात. आणि शेवंती असेल तर वेगळीच गंमत होते. ती लहान दिवसाची वनस्पती आहे, लांब रात्र मिळाली तरच कळ्या धरते. म्हणून फुलं पुढे ढकलायची असली की शेवंतीचे बागायतदार रात्री शेतात दिवे लावतात. व्हिएतनाममध्ये ड्रॅगनफ्रूटच्या बागांत रात्री दिवे लावतात ते मात्र बिनहंगामी फुलं आणायला, कारण त्या झाडाला मोठा दिवस हवा असतो. तेव्हा तुमच्या शेवंतीला दिवाळी उलटली तरी कळीच नसेल तर खत देण्याआधी ती ग्रो लाइटच्या फळीवरून हलवा आणि संध्याकाळनंतर तिच्यावर घरातलाही दिवा पडू देऊ नका.

झाड वाढतं, दिवा तिथेच राहतो. वरची पानं दिव्याला टेकायला येतात आणि खालच्यांवर त्यांची सावली पडते. बॅटन खिळ्याला कायमची ठोकू नका, दोन साखळ्यांना अडकवा, म्हणजे वरखाली करता येते. महिन्यातून एकदा कुंड्यांची जागा बदला: कडेच्या मध्ये, मधल्या कडेला.

दिव्यावर धूळ साचते, स्वयंपाकघरात वर तेलकट थरही बसतो. ओल्या फडक्याने पुसताना आधी प्लग काढा. बल्ब बंद डोममध्ये घालू नका. आतली उष्णता बाहेर पडत नाही, बल्बमधला ड्रायव्हर (एलईडीला वीज पुरवणारा भाग) तापतो, आणि बल्ब जळायच्या आधी बरेच दिवस मंद होत जातो. हे मंद होणं डोळ्याला कळत नाही, म्हणून दर जूनच्या सुरुवातीला एकदा लक्स मोजून दिव्याशेजारीच लिहून ठेवा.

कुंड्यांना पाणी घालताना शिंतोडे उडतात. प्लग आणि टायमर कुंड्यांच्या पातळीच्या वर ठेवा आणि वायरला खाली एक झोळ द्या, म्हणजे पाणी ओघळून सॉकेटमध्ये जाणार नाही.

प्रकाश जास्त झाला तर

घरच्या बॅटनने असं सहसा होत नाही, पण जोरदार पॅनेल अगदी जवळ आणलं की होतं. दिव्याच्या सर्वांत जवळची पानं पांढुरकी पडतात, कडा वर वळतात किंवा कुरकुरीत होतात, झाड खुजं आणि दाटीचं राहतं. कमी प्रकाशाची लक्षणं खालच्या पानांपासून सुरू होतात आणि जास्तीची शेंड्यापासून. एवढं लक्षात ठेवलं तर गल्लत होत नाही. दिवा पंधरा सेंटिमीटर वर घ्या, तास कमी करू नका. सक्युलंटच्या पानांवर आलेली लाली ही बऱ्याचदा भरपूर प्रकाशाची खूण असते. पान टणक असेल तर ती तशीच राहू द्या.

नवा दिवा पहिल्या दिवसापासून पूर्ण जोरात लावू नये. कमी उजेडात वाढलेली पानं पातळ असतात. आठ-दहा दिवसांत हळूहळू जवळ आणा. आणि ऑक्टोबरमध्ये सूर्य दक्षिणेकडे सरकून खिडकीत थेट ऊन यायला लागलं की पावसाळ्याचा टायमर तसाच चालू ठेवू नका. पुन्हा मोजा. बहुतेक ठिकाणी दिवा मेपर्यंत बंदच ठेवता येतो.

तुळस, इथली आणि परदेशातली

तुळस घरातल्या सावलीचं झाड नाही, ती अंगणातली आहे. तिला १२ मोल द्यायचे तर चौदा तास सुमारे १७,००० लक्स हवेत. ९ वॅटचा बल्ब फूटभर उंचीवरून तीन हजार देतो, म्हणजे तो नुसता लावल्याचं समाधान देईल. एका तुळशीच्या कुंडीला खरे ३० ते ४० वॅटचं पॅनेल किंवा स्पॉटलाइट २५ ते ३० सेंटिमीटरवर लागतं. मुंबई-पुण्यात एवढा खटाटोप करण्यापेक्षा ती ग्रिलच्या बाहेरच्या कडेला, पाणी साचणार नाही अशा कुंडीत ठेवणं बरं.

लंडन, टोरोंटो, न्यू जर्सीत राहणाऱ्यांना मात्र पर्याय नाही. थंडीत तुळस आत आणावीच लागते आणि दर वर्षी जानेवारीपर्यंत ती जाते. लंडनला डिसेंबरचा दिवस आठ तासांचा, त्यातही सूर्य खाली आणि ढगांआड. खिडकीचा हिशोब शून्य धरूनच दिवा घ्या. दक्षिणेची खिडकी तिथे खरोखर उजेडाची, मेलबर्न-सिडनीला उत्तरेची. रात्रीचं तापमान १० अंशांकडे उतरायच्या आधीच तुळस आत आणा, हीटरच्या गरम झोतापासून दूर ठेवा, पानं काचेला टेकू देऊ नका आणि मंजिऱ्या खुडत राहा. माहेरून आणलेल्या बियांची तुळस हिवाळ्यात वाळताना बघणं किती जिवाला लागतं हे मला ठाऊक आहे, म्हणून सांगते: खर्च करायचाच असेल तर सुंदर कुंडीवर नको, दिव्यावर करा.

पाण्याशी सांगड

कमी प्रकाशात झाड पाणी कमी पितं. पावसाळ्यात हवा दमट असल्याने पानांतूनही पाणी उडत नाही. अशा वेळी मे महिन्याच्या वेळापत्रकाने पाणी घातलं की माती ओली राहते, मुळांना हवा मिळत नाही, ती कुजतात. मग पानं पिवळी पडतात, ती बघून आपण आणखी पाणी घालतो किंवा खत देतो, आणि झाड त्यानेच जातं. बोट दोन पेरं मातीत घालून कोरडं लागलं तरच पाणी, हा एकच नियम पाळा. दिवा लावल्यावर माती लवकर सुकू लागली तर तो तुमच्या मापाचा पहिला पुरावा समजा. पानांवर फरक दिसायच्या कितीतरी आधी तो मिळतो.

लांबलेली पेरं पुन्हा आखूड होत नाहीत, म्हणून जुन्या पानांवरून निकाल लावू नका. काटकुळा शेंडा पान फुटतं त्या गाठीच्या खाली छाटा आणि पाण्यात ठेवा, मनीप्लांट-सिंगोनियमला सहज मुळं फुटतात. राहिलेल्या खोडातून येणारं नवं पान आधीच्यापेक्षा मोठं आणि जवळ येतंय का ते तीन-चार आठवडे बघा.

एवढा काळ मापून प्रकाश देऊनही नवं पान आलंच नाही तर झाड कुंडीतून बाहेर काढून मुळं बघा. पांढरी, टणक असतील तर ते तसंच परत लावा आणि वाट बघा. तपकिरी, लिबलिबीत, वास येणारी असतील तर तेवढी कापून टाका, जुनी माती पूर्ण झाडून टाका आणि निम्मी माती-निम्मं कोकोपीट व परलाइट अशा मोकळ्या मिश्रणात लहान कुंडीत लावा. त्या झाडाला पहिले पंधरा दिवस दिवा दुप्पट उंचीवर ठेवा आणि खत अजिबात देऊ नका.